आवाज मागाहून

(पडदा काळा. हातोडीचे ठोके. मग तांबट आळी, सकाळ.)

नाशिकची तांबट आळी. नुकतं घडायला घेतलेलं भांडं आधी बद्द वाजतं. ठोके पडत जातात तसा त्याचा सूर बदलतो. तांबं फार ताठ झालं की पुन्हा भट्टीत घालून मऊ करायचं, आणि पुन्हा ठोके. शाळेतून येताना मी इथे रेंगाळायचो. घरी जाऊन पेटीवर तो सूर शोधायचो. सापडायचा नाही, दोन पट्ट्यांच्या मधेच कुठेतरी असायचा.

(फाळके स्मारक.)

याच गावात दादासाहेब फाळक्यांनी मूकपट काढले. १९३१मध्ये सिनेमा बोलू लागला आणि मूक म्हणून केलेल्या त्यांच्या 'सेतुबंधन'लाही पुढे आवाज चढवावा लागला. चित्र आधी, आवाज मागाहून. माझंही पोट त्यावरच चालतं.

सुरुवात लग्नाच्या ऑर्केस्ट्रात कीबोर्ड वाजवून. मग एकांकिकांचं पार्श्वसंगीत. मग मुंबई, तिथे दोन वर्षं नुसती पावलं. पडद्यावर नायिका जिना उतरते, स्टुडिओत मी तिच्या चपला हातात घालून फळीवर आपटतोय. घोड्याच्या टापा करवंट्यांच्या. एका सिनेमाचे पैसे अजून यायचेत. असो.

(पंचवटी. जुना वाडा. बाहेर विजेचा ट्रान्सफॉर्मर.)

परत आलो, आणि या वाड्यातल्या सिनेमाचं संगीत आणि साउंड डिझाइन दोन्ही माझ्याकडे आलं. संवादांच्या मागे हा ट्रान्सफॉर्मर गुणगुणत होता. आपली वीज ५० हर्ट्झची, म्हणजे सेकंदाला ५० फेऱ्या. दर फेरीत ट्रान्सफॉर्मर दोनदा थरथरतो, त्यामुळे तो घुमतो १०० हर्ट्झवर. माझा तंबोरा पेटीच्या काळी चार पट्टीला, तिथला खालचा षड्ज, म्हणजे सा, १०४च्या आसपास. दोन्ही एकत्र वाजले की आवाजाला सेकंदाला चारेक हेलकावे. ऐकणाऱ्याला नुसतं अस्वस्थ वाटायचं, का ते कळायचं नाही.

(तंबोरा. खुंटी पिळतानाचा हात.)

गुणगुण पुसायला गेलो तर म्हाताऱ्या नटाचा खर्जही पुसला जाई. माझ्यातला साउंडवाला पुसायच्या बाजूचा, संगीतकार चाल न बदलण्याच्या. चार रात्री दोघं भांडले. शेवटी तंबोराच पांढरी पाचच्या किंचित वर लावला, बरोबर १००वर. ट्रान्सफॉर्मर तंबोऱ्यात विरघळून गेला. खरं सांगायचं तर त्या संगीतातला सगळ्यात चांगला निर्णय वीज मंडळाच्या खांबावर झाला.

(पुन्हा तांबट आळी.)

आज ठोके घेतले. आता इथली शांतता हवी. संवाद कापले की मधे जी भोकं पडतात, ती ज्या जागेचा संवाद त्याच जागेच्या शांततेने बुजवावी लागतात. नाहीतर कानाला ठेच लागते.

"काका, मिनिटभर हात थांबवता?"

काकांनी हातोडी मांडीवर ठेवली. लांबून रिक्षा गेली. भट्टीत एक निखारा तडकला.

"सुरू कधी करणार?" काका म्हणाले.

"सुरूच आहे."

"अरे पण काही वाजतच नाहीये!"

(निखाऱ्यांची चुरचुर. पडदा काळा.)