देवयानी दीर्घिकेतला जी-१ शोधताना

श्रोतेहो, नमस्कार. देवयानी दीर्घिका आकाशनिरीक्षकांना नवी नाही. साध्या बायनॉक्युलरमधूनही ती लांबट, धुरकट दिसते. पण सुमारे २५ लाख प्रकाशवर्षांवरच्या या शेजारणीतला एखादा तारकागुच्छ सुटा पाहायचा असेल, तर जी-१पासून सुरुवात करा. मेयॉल आणि एगन या खगोलशास्त्रज्ञांनी १९५३मध्ये तो अमेरिकेतल्या पालोमार वेधशाळेच्या छायाचित्रांवरून नोंदवला. आपल्या आकाशगंगेतला सर्वांत भारी गोलाकार गुच्छ म्हणजे ओमेगा सेंटॉरी. जी-१ त्याच्याहूनही भारी. त्यातल्या ताऱ्यांत जड मूलद्रव्यांचं प्रमाण एकसारखं नाही. म्हणून देवयानीने गिळलेल्या एखाद्या बटू दीर्घिकेचा हा उरलेला गाभा असावा, असा अंदाज आहे.

एवढा मोठा गुच्छ, पण आपल्याला दिसतो जेमतेम १३.७ प्रतीचा. प्रत म्हणजे तेजस्वितेचं माप, आकडा जितका मोठा तितकी वस्तू अंधुक. त्यामुळे १० इंची दुर्बीण, चंद्र नसलेली रात्र आणि देवयानी माथ्याजवळ आलेली वेळ साधा. आरसा तासभर आधी बाहेर ठेवून थंड होऊ द्या, डोळ्यांना अंधारात अर्धा तास द्या.

तो दीर्घिकेच्या केंद्राजवळ शोधू नका. केंद्रापासून नैऋत्येला अडीच अंश, म्हणजे पाच पूर्णचंद्र शेजारी-शेजारी ठेवावेत इतका तो दूर आहे. सोपी वाट ३२ अँड्रोमेडी या पाचव्या प्रतीच्या ताऱ्यावरून जाते. केंद्रापासून दक्षिणेला पावणेदोन अंशांवर, किंचित पश्चिमेकडे तो सापडतो. तिथून सरळ पश्चिमेला १.६ अंश जा आणि अगदी थोडं, सात कलांइतकं (कला म्हणजे अंशाचा साठावा भाग), उत्तरेकडे सरका. दुर्बिणीत दिशांचा घोळ हमखास होतो. दुर्बीण आकाशाबरोबर फिरवणारी मोटर बंद करा. तारे ज्या कडेने बाहेर जातात ती पश्चिम.

आता खरी मेख. जी-१ला खेटून आपल्याच आकाशगंगेतले दोन अंधुक तारे आहेत. कमी वर्धनाला तिघं मिळून एकच ठिपका दिसतो आणि बहुतेक जण तो ओलांडून पुढे जातात. वर्धन २०० ते ३०० पट करा. नजर ठिपक्यावर न रोखता जरा बाजूला ठेवा. दोन टोकदार ठिपके आणि त्यांच्यामध्ये फुगीर, मऊ कडेचा तिसरा दिसला, तर तो जी-१.

हवा अस्थिर असेल, तर सगळेच तारे फुगीर दिसतात. म्हणून त्याच दृश्यातल्या दुसऱ्या ताऱ्याशी तुलना केल्याशिवाय वहीत नोंद करू नका. तेजोमेघांसाठीचे अरुंद पट्ट्याचे फिल्टरही इथे लावू नका. गुच्छाचा प्रकाश म्हणजे ताऱ्यांचाच प्रकाश, सगळ्या रंगांत पसरलेला. फिल्टर त्यातला बराचसा अडवतो आणि आधीच अंधुक असलेला ठिपका पार दिसेनासा होतो.