कर्जाची वही आणि कॅमेरा

मानवी तस्करी म्हटलं की पडद्यावर बंद गाडी येते, तोंडावर रुमाल येतो, बांधलेले हात येतात. नायजेरियाच्या एडो राज्यातून इटलीत पोचलेल्या मुलींच्या बाबतीत यातलं फारसं काही घडत नाही. मुलगी आपल्या पायांनी गाडीत बसते. घरचे निरोप देतात. कधी तर दलालाशी ओळख मावशीनंच करून दिलेली असते. म्हणून या विषयावर चित्रपट करणाऱ्याची खरी अडचण अशी, की दोरी दिसत नसताना बांधलेपण दाखवायचं कसं? माझ्या मते ते हिशोबातून दाखवावं लागतं. आज 'ओलोतुरे' आणि 'एयिमोफे' हे दोन नायजेरियन चित्रपट मी याच अंगानं बघणार आहे.

आधी कायदा, थोडक्यात. संयुक्त राष्ट्रांच्या 2000 सालच्या पालेर्मो प्रोटोकॉलनुसार तस्करी ठरायला तीन गोष्टी लागतात: कृती (भरती, वाहतूक, आसरा), मार्ग (बळ, धाक, फसवणूक, हतबलतेचा फायदा) आणि हेतू, म्हणजे शोषण. मार्ग यांतला असेल तर मुलीची संमती बिनकामाची ठरते, आणि ती अठराच्या आतली असेल तर मार्ग सिद्धही करावा लागत नाही. आपल्या भारतीय न्याय संहितेच्या 143व्या कलमाचा सांगाडा बराचसा हाच आहे. चोरून सीमा पार करून देणं हा वेगळा गुन्हा. तिथे पलीकडे पोचलं की व्यवहार संपतो. इथे खरा व्यवहार पलीकडे पोचल्यावर सुरू होतो. पटकथा लिहिणारे हे दोन्ही सर्रास एक करतात, आणि मग वाळवंट आणि बोट दाखवून चित्रपट संपतो.

आता हा व्यवहार बघा. गाव बेनिन सिटी, एडो राज्याची राजधानी. शेजारचा बेनिन हा देश वेगळा, त्याच्याशी गल्लत नको. इटलीतली 'मॅडम' पैसे लावते. पुष्कळदा तीही याच वाटेनं गेलेली असते. गावातला माणूस मुलगी शोधतो. निघण्याआधी तिला देवस्थानात नेतात. नखं, केस, कधी रक्त आणि अंतर्वस्त्र पुजाऱ्याकडे ठेवून घेतात, आणि ती शपथ घेते: पैसे फेडीन, पळणार नाही, मॅडमचं नाव पोलिसांना सांगणार नाही. मोडली तर वेड लागेल, घरात माणूस मरेल. आपल्याकडे करणीचा धाक ज्यांनी पाहिलाय त्यांना हे वेगळं समजवायला नको. पुढे उत्तर नायजेरियातलं कानो, नायजरमधलं अगादेझ, दक्षिण लिबियातलं सब्हा, मग लिबियाचा किनारा. लिबियात ज्या घरात मुलींना डांबतात त्याला 'कनेक्शन हाउस' म्हणतात. समुद्रमार्गे इटलीत उतरलेल्या नायजेरियन स्त्रियांची संख्या 2014 साली सुमारे 1,450 होती, ती 2016 साली सुमारे 11,000 झाली. त्यांतल्या ऐंशी टक्के तस्करीच्या बळी असाव्यात, असा आंतरराष्ट्रीय स्थलांतर संघटनेचा अंदाज होता.

कर्जाचा आकडा साधारण 25,000 ते 50,000 युरो. पण निघताना तो मुलीला नुसता 'तीस हजार' असा सांगतात. तिच्या डोक्यात नायरा, म्हणजे नायजेरियाचं चलन असतं. 2016च्या अखेरीस एका युरोला तीनशेहून जास्त नायरा पडत होते, म्हणजे तिच्या हिशोबानं कर्ज शंभर युरोंच्याही आत! खरा आकडा इटलीत उतरल्यावर कळतो. समजा एका गिऱ्हाइकाचे पंधरा युरो मिळाले, तर तीस हजारांसाठी दोन हजार गिऱ्हाइकं. त्यातून खोलीचं भाडं, जेवण आणि रस्त्यावर उभं राहायच्या जागेचं भाडं वजा करा. त्या शेवटच्या भाड्याला 'जॉइंट' म्हणतात.

आपल्या ऊसतोड कामगारांची उचल आठवेल, आणि आठवावी. दोन्हीकडे न फिटणारं कर्ज आहे. फरक एवढाच, की उचल निदान एकदा हातात पडते. इथे मुलीच्या हाती एक पैसाही येत नाही. तिला इटलीत नेण्याचा खर्च तिच्याच नावावर चढतो.

'ओलोतुरे' हा केनेथ ग्यांग यांचा चित्रपट. 2020 साली नेटफ्लिक्सवर आला. एबनीलाइफसारखी मोठी कंपनी मागे असल्यानं याला अगदी स्वतंत्र म्हणता येणार नाही. वेश्येच्या वेशात टोळीत शिरलेली पत्रकार ही त्याची नायिका. शपथविधी आहे, दलालीण आहे, लागोसमधल्या मुलींची पिजिन, म्हणजे इंग्रजीतून घडलेली तिथली बोली, उत्तम पकडली आहे. तरी गोम नायिकेतच आहे. तिच्यावर कर्ज नाही. ती दोन पावलं मागे वळली तर सुटू शकते, ही जाणीव बघणाऱ्याला सोडत नाही, आणि खरंच अडकलेली लिंडा दुय्यम पात्र होऊन बसते. शेवटी बस शेजारच्या बेनिन देशाच्या सीमेत शिरते आणि नायिकेलाही उतरता येत नाही. दृश्य जबर आहे. पण तिथे तिला अडवतं ते बळ. शपथ आणि कर्ज यांनी पाय कसा बांधला जातो, ते तिच्यापुरतं कळत नाही.

शपथेचं बळ किती होतं ते दुसरीकडून कळतं. इटलीत 1998 पासून परदेशी नागरिकांविषयीच्या कायद्यात अठरावं कलम आहे. पोलिसांत तक्रार न देताही बळी स्त्रीला राहण्याचा परवाना मिळू शकतो. तरी पुष्कळजणी पुढे येत नसत. 9 मार्च 2018 रोजी बेनिन सिटीचे ओबा, म्हणजे पारंपरिक राजे, एवुआरे दुसरे यांनी पुजाऱ्यांसमोर त्या शपथा रद्द केल्या आणि तस्करांना शाप दिला. त्यानंतर इटलीतल्या काहीजणींनी पैसे देणं थांबवलं. काही दलालांनी शपथविधी एडोबाहेर हलवले. इतकं नाट्य कुठल्या पटकथेत सुचलं असतं?

'एयिमोफे' मात्र अस्सल स्वतंत्र चित्रपट. आरी आणि चुको एसिरी हे जुळे भाऊ, 2020 साली बर्लिनमध्ये पहिला खेळ. भागांची नावं स्पेन आणि इटली, पण कॅमेरा लागोसमध्येच राहतो. दुसऱ्या भागातली रोझा पासपोर्ट आणि व्हिसाच्या बदल्यात बहिणीचं न जन्मलेलं मूल एका बाईला द्यायचं कबूल करते. कुणी ओरडत नाही, ढोल वाजत नाहीत. बाई मायेनं बोलते, खर्च करते, आणि त्या मायेचाच हिशोब वाढत जातो. पालेर्मोतल्या 'हतबलतेचा फायदा' या कोरड्या शब्दांचा अर्थ इतका स्वच्छ मी दुसरीकडे पाहिलेला नाही.

चित्रीकरण 16 मिलिमीटर फिल्मवर. चारशे फुटांचं रीळ सेकंदाला चोवीस चौकटींनी अकरा मिनिटं चालतं. प्रत्येक टेकला पैसे पडतात, म्हणून प्रसंग आधी बसवावा लागतो आणि कॅमेरा उगाच कुणाच्या दुःखावर रेंगाळत नाही. इथे शिस्तही पैशातूनच आलेली आहे.

मराठी उपशीर्षकं करणाऱ्यांसाठी एक गोष्ट. 'मॅडम' तसंच ठेवलंत तर आपल्याकडे शाळेतल्या बाई उभ्या राहतात. 'मालकीण' चालेल. कामाठीपुऱ्यातला 'घरवाली' हा शब्द नेमका आहे, पण त्यानं चित्र एकदम मुंबईचं होतं. तो वापरायचा तर पहिल्याच प्रसंगापासून वापरा. आणि कर्जाचा आकडा येईल तिथे चलन लिहू नका. मुलीला ते जेव्हा कळतं, तेव्हाच वाचणाऱ्यालाही कळू द्या.