वाटपाची वही

अध्यक्ष महोदय आणि मित्रहो,

संयोजकांनी मला ‘स्वयंसेवक ते नेतृत्व’ हा विषय दिला आहे. हा विषय ऐकला की डोळ्यांसमोर एक जिना उभा राहतो. खालच्या पायरीवर गुडघाभर पाण्यात उभा असलेला तरुण काही वर्षांनी वरच्या पायरीवरून इतरांना सूचना देताना दिसतो. माझे तसे काही झाले नाही. हुद्दा बदलत गेला, पगार थोडाफार वाढला, पण हातातले काम मुळात एकच राहिले आणि ते म्हणजे वही. आज मी बहुतेक त्या वहीविषयीच बोलणार आहे.

२६ जुलै २००५ हा मंगळवार होता. त्या २४ तासांत सांताक्रूझला ९४४ मिलिमीटर पाऊस नोंदला गेला, तर कुलाब्याला त्याच्या दहाव्या हिश्श्याइतकाही नाही. एकाच शहराच्या दक्षिण टोकाला नेहमीचा पावसाळी दिवस होता आणि उपनगरांत लोक बसच्या टपावर बसून रात्र काढत होते. दुपारी समुद्राला मोठी भरती होती, त्यामुळे मिठी नदीचे पाणी माहीमच्या खाडीतून बाहेर पडेना आणि ते काठच्या वस्त्यांत पसरले. नदी म्हणते आहे खरी, पण त्या दिवसापर्यंत आम्ही कुर्ल्याची माणसे तिला सरळ नालाच म्हणत होतो. मी तेव्हा अंधेरीच्या एका कचेरीत हिशेबाचे काम करीत होते. रात्र तिथल्याच टेबलावर काढून दुसऱ्या दिवशी दुपारी चालत घरी पोहोचले, तेव्हा पाणी ओसरले होते आणि भिंतीवर कमरेइतक्या उंचीवर त्याची तपकिरी रेघ राहिली होती. आई गाद्या ओढून बाहेर काढत होती. “आपलं निभेल गं, नदीकडच्यांचं काय झालं ते बघून ये,” एवढेच ती म्हणाली.

नदीकडची माणसे जवळच्या शाळेत जमली होती आणि एका गणेशोत्सव मंडळाची मुले तिथे खिचडी शिजवत होती. मी पातेली उचलू लागले, तर त्यांतला एक जण म्हणाला, “ताई, तुम्हाला हिशेब येतो ना? मग तुम्ही ही वही धरा.” शंभर पानी वही, कोपरे भिजलेले, पहिल्या चार पानांवर मंडळाची वर्गणी. पाचव्या पानापासून मी गल्लीवार नोंदी सुरू केल्या: किती पाकिटे आली, किती गेली, किती उरली. सायंकाळी बेरीज जुळली की मला फार समाधान वाटे.

चौथ्या दिवशी पालिकेची एक आरोग्यसेविका ताप आलेल्यांची यादी करीत घरोघर फिरत होती. ती परत आली आणि मला विचारले, “चौथ्या गल्लीतल्या पोटमाळ्यावरच्या आजींना काही दिलंत का?” मी वही उघडली. माझ्याच अक्षरात लिहिले होते: ‘गल्ली ४, पूर्ण.’ टेम्पो गल्लीच्या तोंडाशी उभा राहिला होता, जे धावत आले त्यांनी पाकिटे घेतली, पाकिटे संपली, आणि मी ‘पूर्ण’ असे लिहून टाकले. आजींचे यजमान अंथरुणाला खिळलेले होते आणि त्यांना सोडून त्या शिडीवरून खाली उतरू शकत नव्हत्या. शेजाऱ्यांनी दिलेल्या पावावर आणि साठवलेल्या पाण्यावर त्यांनी ते दिवस काढले होते. त्या मला रागाने काही बोलल्या असत्या तर बरे झाले असते. त्यांनी मला बसायला पाट दिला.

माझी बेरीज चुकली नव्हती. मी पाकिटे मोजली होती, माणसे मोजली नव्हती. त्या रात्री आम्ही वहीचे रकाने बदलले. आधी दार, मग दारामागची माणसे, त्यांत अंथरुणावर कोण, अंगावर पिणारे मूल कुठे, गरोदर बाई कुठे, आणि मग शेवटी पाकीट. ज्या घरी कोणी खाली येऊ शकत नाही, तिथे आधी जायचे. ऑगस्टमध्ये लेप्टोस्पायरोसिसची, म्हणजे तुंबलेल्या घाण पाण्यातून होणाऱ्या तापाची, साथ आली, तेव्हा डॉक्टरांना याच वहीचा उपयोग झाला, कारण कोणत्या घरात किती दिवस पाणी तुंबले होते हेही आम्ही ओघाने लिहून ठेवले होते.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये केंद्राचा आपत्ती व्यवस्थापन कायदा झाला आणि पुढच्या वर्षी राष्ट्रीय आपत्ती प्रतिसाद दल उभे राहिले. कायद्याने जिल्हाधिकाऱ्यांच्या अध्यक्षतेखाली जिल्हा आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरण आले. ज्या तरुणांना या क्षेत्रात यायचे आहे त्यांना हे कोरडे वाटेल, पण तहसील कार्यालयात कोणाला भेटायचे, पंचनामा कोण करतो, तलाठ्याकडे कोणती यादी असते आणि बोट कोणाच्या आदेशाने सुटते, हे ज्याला माहीत नाही तो कितीही धडपड्या असला तरी तिसऱ्या दिवशी दमून घरी जातो.

दोन वर्षांनी मी कचेरी सोडली आणि एका लहान संस्थेत पूर्णवेळ रुजू झाले. पगार निम्मा झाला. घरी काय झाले ते सांगत बसत नाही, इथे बसलेल्या बऱ्याच जणांना ते ठाऊक असेल. पहिली तीन वर्षे माझी नेमणूक गोदामात होती. तिथे मी शिकले की ताडपत्री घडीवरच विरते, क्लोरिनच्या गोळ्यांना मुदत असते, आणि माणशी रोज किमान १५ लिटर पाणी धरले नाही तर शिबिरात पाचव्या दिवशी हगवण सुरू होते. हा १५ लिटरचा आकडा जगभरच्या मदतसंस्थांनी मान्य केलेल्या किमान मानकांतला आहे; २० माणसांमागे एक संडास हा त्याच पठडीतला दुसरा. मुंबईच्या शाळेत तीनशे माणसे उतरवली आणि चालू संडास सहाच असले, तर ती शाळा भरली असे समजावे, वर्ग रिकामे असले तरीही. माझ्या मते गोदामात घाम गाळल्याशिवाय कोणालाही पथकप्रमुख करू नये. हे मत सर्वांना पटत नाही.

पथकप्रमुख म्हणून माझी खरी कसोटी लागली ती ऑगस्ट २०१९ मध्ये. कृष्णा आणि पंचगंगा या नद्यांना पूर आला, कोल्हापूरजवळ महामार्ग काही दिवस बंद राहिला, आणि मुंबईहून मदतीचे ट्रक निघाले. आम्ही शिरोळ तालुक्यात होतो. पाणी उतरू लागले तेव्हा गावांना हवी होती फावडी, खराटे, रबरी बूट, ब्लीचिंग पावडर आणि प्यायचे पाणी, कारण नळयोजनांचे पंप पाण्याखाली गेले होते. येत होते ते जुने कपडे. रस्त्याकडेला साड्यांचे आणि पँटींचे ढीग भिजत पडले होते आणि ते उचलण्यासाठी पुन्हा माणसे लावावी लागत होती. अशात मुंबईतल्या एका सोसायटीचा फोन आला: गाडी भरून तयार आहे, रात्री निघतो. ते आमचे जुने देणगीदार होते. मी म्हणाले, गाडी रिकामी करा आणि तेवढ्या डिझेलच्या पैशांचे खराटे घेऊन पाठवा. समोरचे गृहस्थ थोडा वेळ काही बोललेच नाहीत. नंतर त्यांनी फोन ठेवला आणि पुढच्या वर्षी देणगीही थांबवली. संस्थेच्या बैठकीत मला याचा जाब द्यावा लागला. मी दिला, आणि आजही मी तेच उत्तर देईन, फक्त आवाज जरा खाली ठेवीन.

त्याच पुरात पलूस तालुक्यातल्या ब्रह्मनाळला माणसांनी खच्चून भरलेली बोट उलटली आणि लोक बुडाले. ही बातमी आली त्या संध्याकाळी माझ्या पथकातली दोन मुले, दोघेही उत्तम पोहणारे, शेजारच्या वाडीतल्या एका कुटुंबासाठी पाण्यात उतरायला निघाली होती. मी त्यांना अडवले आणि दलाच्या बोटीची वाट पाहायला लावली. दीड तास आम्ही काठावर उभे होतो आणि पलीकडून हाका येत होत्या. ते कुटुंब सुखरूप बाहेर आले, पण त्या दीड तासात त्या मुलांनी माझ्याकडे ज्या नजरेने पाहिले ती मी विसरलेले नाही. स्वयंसेवक असताना मीही तसेच पाहिले असते.

वहीचे मोल मला पुन्हा कळले ते इर्शाळवाडीला. १९ जुलै २०२३ च्या रात्री खालापूर तालुक्यातल्या त्या ठाकरवाडीवर दरड कोसळली. वर जायला गाडीरस्ता नव्हता, यंत्रे चढू शकत नव्हती, जवान पायवाटेने चढून हातांनी चिखल उपसत होते. चार दिवसांनी शोध थांबवला गेला तेव्हा २७ मृतदेह मिळाले होते आणि ५७ माणसांचा पत्ता लागलेला नव्हता. पायथ्याशी बसून आम्ही जे काम केले ते कोणाच्याही कॅमेऱ्यात आले नाही. शिधापत्रिका, मतदारयादी आणि शाळेचा हजेरीपट समोर ठेवून आम्ही एकेका नावापुढे विचारत होतो, हा त्या रात्री घरी होता का? काही मुले निवासी शाळेत होती आणि काही तरुण रात्री मासे पकडायला गेले होते, ती सगळी वाचली. कागदावर ती वाडीतच होती. ‘पूर्ण’ हा शब्द लिहिण्याची घाई आमच्यापैकी कोणीही केली नाही.

आता प्रशिक्षणाविषयी. राष्ट्रीय आपत्ती व्यवस्थापन प्राधिकरणाच्या ‘आपदा मित्र’ योजनेत निवडलेल्यांना १२ दिवसांचे शिक्षण मिळते, नागरी संरक्षण दल आहे, होमगार्ड आहे. यांपैकी काहीतरी एक करून मगच संस्थांकडे या. मुंबईत पाणी भरले की पालिकेच्या नियंत्रण कक्षाचा क्रमांक १९१६ आहे, तो पाठ असू द्या. बाकी जे शिकायचे ते वस्तीत शिकता येते.

सभा संपल्यावर दाराशी टेबल मांडलेले आहे आणि तिथे एक वही आहे. ज्यांना या पावसाळ्यात आमच्याबरोबर यायचे असेल त्यांनी नाव, रक्तगट आणि पोहता येते की नाही हे लिहावे, आणि येत नसेल तर खोटे लिहू नये. चपला घालून येणाऱ्याला आम्ही पाण्यात उतरू देत नाही. फोन क्रमांकासाठी दोन रकाने आहेत. पहिला तुमचा, दुसरा घरी तुमची वाट पाहणाऱ्या माणसाचा. बरेच जण दुसरा रकाना कोरा ठेवतात. तसे नाव आम्ही पथकात घेत नाही.