हंगामातला एक दिवस

म्हसरूळमधल्या या दोन खोल्यांच्या घरात सकाळचा पहिला आवाज नळाचा असतो. फेब्रुवारीत नाशिकची थंडी ओसरू लागलेली असली, तरी पाण्याने बोटे अजून बधिर होतात. कॅमेरा दिवसभर जिच्या मागे आहे ती तेवीस वर्षांची मुलगी हंडे भरते, आईबरोबर पोळ्या करते, डबा बांधते आणि द्राक्षे निवडून खोक्यांत भरणाऱ्या पॅकहाउसच्या गाडीसाठी दिंडोरी रस्त्यावर येऊन उभी राहते.

आत शिरण्यापूर्वी बांगड्या उतरतात आणि केस टोपीखाली जातात. बागेतून तोडून आलेले थॉम्पसन जातीचे घड क्रेटमधून समोर येऊ लागतात. ती घड देठालाच धरून उचलते, कारण मण्यावरचा नैसर्गिक पांढुरका थर बोटाने पुसला गेला की मालाची प्रत उतरते. मग लहान कात्रीचे टोक घडाच्या आत जाते आणि तडकलेला मणी, शेजारच्या मण्याला धक्काही न लागता, अलगद बाहेर येतो. अर्ध्या किलोचा पनेट, म्हणजे प्लास्टिकचा छोटा डबा, भरताना ती काट्याकडे पाहते खरी, पण वजन हाताला आधीच कळलेले असते. असे दहा पनेट एका खोक्यात बसतात. वाटेत बुरशी लागू नये म्हणून त्यांवर सल्फर डायऑक्साइड सोडणारा कागद अंथरला जातो. दिवसभराचे हे काम उभ्यानेच चालते.

जेवणाच्या सुट्टीत द्राक्षांचा विषय क्वचितच निघतो. भिशी, मालिका, लग्नाची स्थळे यांवर गप्पा रंगतात. मोबाइलवरचा एका स्थळाचा फोटो ती मैत्रिणीला दाखवते आणि दोघी बराच वेळ हसतात. कशाला हसतात, हे कॅमेऱ्याने विचारलेले नाही, आणि ते बरेच झाले.

रात्री भांडी आवरल्यावर वाणिज्य शाखेचे पुस्तक उघडते. १९८९ साली स्थापन झालेल्या यशवंतराव चव्हाण महाराष्ट्र मुक्त विद्यापीठाचे मुख्यालय नाशिकचेच, पण तिचा संबंध येतो तो अभ्यासकेंद्रावरच्या रविवारच्या संपर्क सत्रांशी. आणि हंगामात माल रविवारीही येतो. बुडालेल्या तासांचे टिपण ती मैत्रिणीच्या वहीतून उतरवून घेते. एप्रिलमध्ये द्राक्षे संपली की पॅकहाउसचे काम थांबेल. परीक्षा त्यानंतर असल्यामुळे तिला ते सोयीचे वाटते. घरखर्च सांभाळणाऱ्या आईचे मत वेगळे आहे.