वाराई, टोळी आणि मंडळ

नमस्कार श्रोतेहो.

माझे वडील दाणाबंदरावर हमाली करायचे. १९५८ साली, वयाच्या सोळाव्या वर्षी ते पाटण तालुक्यातून मुंबईला आले. मशीद बंदरच्या एका गाळ्यात वीस-बावीस माणसं राहायची. झोपायला पाळ्या, जेवायला खानावळ. पहाटे पेठेच्या कोपऱ्यावर जाऊन बसायचं. ट्रक आला की मुकादम बोट दाखवील त्यानं उठायचं आणि क्विंटलची गोणी पाठीवर घेऊन थप्पीपर्यंत धावायचं. चालत गेलं तर भार जास्त जाणवतो, असं वडील सांगतात.

माल उतरवण्याच्या मजुरीला वाराई म्हणतात. ती कोणी द्यायची यावर रोज वाद. ट्रकवाला म्हणायचा, व्यापारी देईल. व्यापारी म्हणायचा, भाड्यात धरली आहे. शेवटी मुकादमाच्या हातात जे पडेल त्यातून टोळीचा वाटा. एकदा फळीवरून पाय घसरून वडिलांच्या टोळीतल्या एकाची कंबर कायमची गेली. टोळीनं वर्गणी काढली, त्याला एसटीचं तिकीट काढून दिलं आणि गावी पाठवलं. भरपाई मागायची तर कोणाकडे? तो त्या दिवशी चार दुकानांचा माल उतरवत होता. चारांपैकी एकही त्याचा मालक नव्हता.

भांडवलशाहीत सुधारणा करता येते का, यावर मोठमोठ्या चर्चा होतात. मला तो प्रश्न नेहमी या फळीपासून सुरू झालेला दिसतो. कारखान्यासाठी कायदा होता, प्रॉव्हिडंट फंडाचा कायदा १९५२ सालीच झाला होता, पण त्या सगळ्या कायद्यांना आधी एक मालक लागायचा. हमालाकडे नेमका तोच नव्हता.

मग १९६९ साली महाराष्ट्राच्या विधिमंडळानं माथाडी कायदा केला, माथाडी म्हणजे डोक्या-पाठीवर ओझं वाहणारा हमाल. आमच्याच भागातले अण्णासाहेब पाटील त्यासाठी वर्षानुवर्षं हमालांना घेऊन झगडले. या कायद्यातली युक्ती इतकी साधी आहे की तिचं मोठेपण पटकन लक्षात येत नाही. कायद्यानं हमालाला मालक शोधून दिला नाही. त्यानं मधे एक मंडळ बसवलं. मंडळावर मालक, कामगार आणि सरकार या तिघांचे प्रतिनिधी. हमालाची टोळी मंडळाकडे नोंदवायची, दुकानदारानंही नोंद करायची. काम झालं की दुकानदार मजुरी मंडळात भरणार, आणि मजुरीवर ठरलेल्या टक्क्यांनी लेव्ही, म्हणजे मजुरीच्या वरची जादा रक्कम, भरणार. त्या लेव्हीतून फंड, ग्रॅच्युइटी, बोनस, रजेचा पगार, दवाखाना. आज या दुकानात, उद्या त्या दुकानात काम केलं तरी मजुरी एकाच खात्यावर चढणार.

वडिलांच्या त्या खात्याचं पुस्तक मी लहानपणी पाहिलं आहे. घामानं कडा काळ्या झालेलं, प्लॅस्टिकच्या पिशवीत गुंडाळून ट्रंकेत कपड्यांखाली ठेवलेलं. दर महिन्याला आकडा चढला की आई मला तो मोठ्यानं वाचायला लावायची. त्याच आकड्यांवर पुढे कोपरखैरण्याला घर झालं.

व्यापारी काही रातोरात दयाळू झाले नव्हते. तीच माणसं, तोच माल, तेच हिशेबी स्वभाव. बदलली ती पैशाची वाट. मुकादमाच्या मुठीतून जाणारा पैसा मंडळाच्या वहीतून जाऊ लागला. आर्थिक संस्था बदलते म्हणजे बहुतेक वेळा एवढंच होतं, आणि तेवढं घडवून आणायला एका पिढीचं आयुष्य खर्ची पडतं.

या शहराला हे नवं नाही. गिरण्यांचा पहिला कायदा १८८१ सालचा. सात वर्षांखालच्या मुलांना कामावर घ्यायचं नाही, सात ते बारा वर्षांच्या मुलांकडून दिवसाला नऊ तासांपेक्षा जास्त काम घ्यायचं नाही, एवढाच त्याचा पल्ला. मोठ्या माणसांच्या तासांना काही मर्यादाच नव्हती. त्या कायद्यामागे सोराबजी शापुरजी बंगाली यांच्यासारख्या सहृदय मुंबईकराची धडपड होती, आणि इंग्लंडातल्या लँकेशायरच्या गिरणीवाल्यांचा रेटाही होता. मुंबईचं सूत स्वस्त पडतं, तर इथले तास तरी कमी होऊ देत, हा त्यांचा हिशेब. काही अभ्यासक त्यामुळे त्या कायद्याकडे नाक मुरडून पाहतात. मला तसं वाटत नाही. परक्याच्या स्वार्थातून का होईना, सहा वर्षांचं पोर त्या यंत्रापासून लांब राहिलं असेल तर ते मोलाचंच आहे. सुधारणेची गंगा कुठून उगम पावली हे जरूर पाहावं, पण तेवढ्यावरून तिचं पाणी नाकारू नये.

नारायण मेघाजी लोखंडे गिरणीत स्टोअरकीपर होते, त्यामुळे आतलं सगळं त्यांनी डोळ्यांनी पाहिलेलं. १८८४ साली त्यांनी सभा घेतल्या आणि साडेपाच हजार कामगारांच्या सह्यांचं निवेदन दिलं. आठवड्याला एक सुट्टी, दुपारी अर्धा तास विसावा, पगार वेळेवर, आणि कामावर जखमी झाल्यास मदत. आज वाचताना वाटतं, यात मागण्यासारखं काय होतं? पण तेव्हा हे मागणं म्हणजे धंदा बुडवणं, असं समजलं जायचं. रविवार का, तर तो खंडोबाचा वार, असंही लोखंड्यांनी सांगितलं. कायद्याची भाषा आणि जेजुरीची भाषा त्यांनी एकत्र आणली, म्हणून ती मागणी घराघरांत पोचली. १० जून १८९० रोजी गिरणीमालकांनी रविवारची सुट्टी मान्य केली.

पण संस्था जशी जन्मते तशी ती आटतेही, हेही या शहरानं पाहिलं आहे. १९४६ साली मुंबई औद्योगिक संबंध कायदा आला. एका उद्योगात एकच प्रातिनिधिक युनियन मालकांशी बोलणार, म्हणजे रोजचे संप टळतील, असा त्यामागचा विचार. तेव्हा तो वाईट नव्हता. पण कामगारांचा विश्वास एका युनियनवर आणि बोलण्याचा हक्क दुसऱ्या युनियनकडे, अशी अवस्था झाली, तेव्हा तोच कायदा कुलूप बनला. १८ जानेवारी १९८२ ला डॉक्टर दत्ता सामंतांच्या नेतृत्वाखाली सुमारे अडीच लाख कामगार बाहेर पडले. पगारवाढीबरोबर तो कायदा रद्द करा, ही त्यांची मोठी मागणी होती. पुढे काय झालं ते लालबाग-परळच्या प्रत्येक चाळीला ठाऊक आहे. त्यावर मी इथे जास्त बोलत नाही. बोलायला लागलो तर आजचा वेळ पुरणार नाही. एवढंच म्हणतो, नियम वेळेवर दुरुस्त केला नाही की त्याची किंमत तो बनवणारे देत नाहीत.

माथाडी मंडळांनाही हे लागू आहे. माथाडीच्या नावावर खंडणी उकळणाऱ्या टोळ्या उभ्या राहिल्या, काम न करता वाराई मागणारे निघाले. याची सगळ्यात जास्त चीड खऱ्या माथाडीला येते, कारण त्याच्या पाठीवरचा घाम बदनाम होतो. ही कीड काढलीच पाहिजे. पण कीड लागली म्हणून झाड तोडा असं म्हणणाऱ्यांना मी विचारीन, १९६८ सालच्या पेठेत परत जायचं आहे का?

एक चांगला नियम आणखी चार नियमांना जन्म देतो. माथाडी कायद्याच्याच धर्तीवर १९८१ साली महाराष्ट्रात खाजगी सुरक्षारक्षकांसाठी कायदा झाला. आणि तुमच्या पगारपत्रकावर दरमहा दोनशे रुपये व्यवसाय कर म्हणून कापले जातात ना, त्याची गोष्टही याच जातीची. १९७२ च्या दुष्काळात रोजगार हमी योजना राज्यभर उभी राहिली, वि. स. पागे यांच्या कल्पनेतून. तिला पैसा कुठून आणायचा? १९७५ चा तो कर त्यासाठी बसवला गेला. नरिमन पॉइंटच्या ऑफिसातून निघालेला रुपया माणदेशातल्या बांधबंदिस्तीवर जायला लागला. पुढे २००५ साली देशभराचा रोजगार हमी कायदा झाला, त्याची मुळं इथे आहेत.

आता माझ्या पुतण्याकडे येतो. तो दादरला मोबाइलवर ऑर्डर घेऊन पार्सलं पोचवतो. सकाळी पुलाखाली दहा-बारा पोरं गाड्या लावून बसलेली असतात, तेव्हा मला पेठेचा कोपराच आठवतो. फक्त मुकादमाचं बोट आता स्क्रीनवर आलं आहे. पावसात गाडी घसरून त्याचा हात मोडला, तेव्हा पोरांनीच वर्गणी काढली.

केंद्राच्या सामाजिक सुरक्षा संहितेत २०२० साली अशा कामगारांचा पहिल्यांदा उल्लेख झाला, आणि २१ नोव्हेंबर २०२५ पासून ती लागू झाली. कंपन्यांनी वार्षिक उलाढालीच्या एक ते दोन टक्के या कामगारांच्या निधीत द्यायचे, पण ती रक्कम कामगारांना द्यायच्या पैशाच्या पाच टक्क्यांपेक्षा जास्त होऊ द्यायची नाही, असं त्यात आहे. राजस्थाननं २०२३ मध्येच प्रत्येक व्यवहारावर शुल्क घेण्याचा कायदा केला होता. मला राजस्थानची वाट जास्त पटते, कारण ती आपल्या लेव्हीच्या जवळची आहे. ऑर्डर पोचली, तिथल्या तिथे टक्का कापला आणि त्या पोराच्या नावावर चढला. वर्षाअखेरच्या उलाढालीचा हिशेब त्याला कधी दिसणार? गोणी मोजून मजुरी चढवणं १९६९ साली हातानं जमत होतं. आज तर प्रत्येक फेरी यंत्रात आपोआप नोंदली जाते. मग अडचण मोजण्याची नाही, मंडळ बसवण्याची आहे, आणि महाराष्ट्राइतका त्याचा अनुभव दुसऱ्या कोणाकडे आहे?

पुतण्यानं ई-श्रमवर, म्हणजे असंघटित कामगारांच्या सरकारी पोर्टलवर, नाव नोंदवलं. कार्ड आलं, ते त्यानं आजोबांना दाखवलं. वडील आता ऐंशीच्या पुढे आहेत, नजर अधू झाली आहे. त्यांनी ते कार्ड उजेडात धरलं, उलटंसुलटं करून पाहिलं आणि विचारलं, "यावर मजुरी कुठं चढते रं?"

नमस्कार.