घसा बरा झाला, मग ताप परत का आला?

जत्रा सुरू झाल्या की आमच्याकडे गोव्यात गावागावात नाटकाच्या तालमी लागतात, देवळाच्या मंडपात रात्री बारा-एक वाजेपर्यंत, आणि दरवर्षी कोणाचा ना कोणाचा घसा बसतोच. मग मिठाच्या गुळण्या कर, हळद घालून दूध पी, नाहीच उतरलं तर फार्मसीतून तीन गोळ्यांचं पाकीट आण. बहुतेकांचं एवढ्यात भागतं आणि खरंच भागतं, म्हणून पुढचं कोणाच्या डोक्यात येत नाही.

आता धरून चला, डिचोलीकडचा १९ वर्षांचा एक पोरगा. घसा दुखला, चार दिवसांनी बरं वाटलं, तालमीला पण गेला. सहाव्या दिवशी रात्री अशी हुडहुडी भरली की खाट हलायला लागली, ताप १०३, मान डाव्या बाजूने दुखते, जबड्याच्या खाली हात लावू देत नाही. दुसऱ्या दिवशी श्वास घेताना छातीत कळ.

रक्त तपासलं तर प्लेटलेट कमी. गोव्यात प्लेटलेट कमी म्हटलं की आधी डेंगी, मग लेप्टो (लेप्टोस्पायरोसिस, तोही तापाचाच आजार), आणि त्यात चूक काही नाही, इथे ते आजार आहेतच. छातीच्या एक्स-रेमध्ये गोल गोल डाग दिसले की टीबीची शंका येते. सगळे छातीकडे बघतात आणि मान राहून जाते. मला हीच गोष्ट सांगायची आहे.

या आजाराचं नाव लेमिएर सिंड्रोम. आंद्रे लेमिएर या फ्रेंच डॉक्टरने १९३६ साली असे २० रुग्ण मांडले, त्यातले १८ गेले. तेव्हा ना सीटी स्कॅन होता ना पेनिसिलिन हाताशी, तरी त्याचं म्हणणं होतं की घसा दुखून काही दिवसांनी थंडी वाजून ताप परत आला तर हे ओळखणं कठीण नाही. नंतर अँटिबायोटिक आली, आजार इतका कमी झाला की डॉक्टरच विसरले, आज दहा लाखांत वर्षाला मोजके रुग्ण, आणि तेही बहुतेक तरुण, धडधाकट.

होतं काय, तर फ्युझोबॅक्टेरियम नावाचा जंतू आपल्या तोंडा-घशातच राहतो, त्याला ऑक्सिजन सोसत नाही. घशाच्या सुजेतून तो खोल शिरतो, बाजूलाच मानेतली मोठी शीर, जी डोक्याचं रक्त खाली हृदयाकडे आणते, तिच्यात गुठळी होते, गुठळीत पू. तिचे तुकडे सुटले की हृदयाच्या उजव्या बाजूने थेट फुप्फुसात. छातीतले ते डाग म्हणजे हेच तुकडे. आणि फार्मसीतल्या पाकिटातली ती तीन गोळ्यांची अँटिबायोटिक, अ‍ॅझिथ्रोमायसिन या जंतूवर भरवशाची नाही.

रक्ताचं कल्चर लावतात, पण हा जंतू वाढवायला ऑक्सिजन नसलेली वेगळी बाटली लागते आणि वाढायला काही दिवस जातात. तेवढे दिवस पोराकडे नसतात. म्हणून कल्चरची वाट न बघता मानेचं चित्र काढायचं.

आधी सोनोग्राफी, कारण ती खाटेवरच होते. प्रोबने मान हलकी दाबली की चांगली शीर चपटी होते, गुठळी असलेली दबतच नाही, आणि डॉपलरचा, म्हणजे वाहतं रक्त दाखवणाऱ्या सोनोग्राफीचा, रंग तिच्यात भरत नाही. पण जबड्याच्या मागे आणि गळ्याच्या हाडाखाली सोनोग्राफीला नीट दिसत नाही, गुठळी नेमकी तिथे असली तर सुटते. म्हणून कॉन्ट्रास्ट, म्हणजे शिरा उजळ दिसाव्यात म्हणून टोचायचं औषध, देऊन मानेचा सीटी, साध्या सीटीत गुठळी सहज हुकते.

आई विचारते, "डॉक्टर, दुखतंय छातीत आणि मानेचा सीटी कशाला?" प्रश्न बरोबर आहे. आत टेक्निशियन सांगतो, "बाबा, हलू नको, थुंकी पण गिळू नको," दुखऱ्या घशाला ते किती जड जातं ते त्यालाच माहीत.

आता स्क्रीनवर बघा. मानेचा आडवा काप. उजवीकडची शीर औषधाने पांढरीशुभ्र भरली आहे, डावीकडची मधे काळी आणि भोवती उजळ कडा, आजूबाजूची चरबी धुरकट. खाली छातीच्या कापात फुप्फुसाच्या कडेकडेला गोळे, काहींच्या मधे पोकळी. दोन्ही काप शेजारी ठेवले की टीबीची शंका मागे पडते.

तुम्ही रुग्णाबरोबर असाल, मग ते गावचं आरोग्य केंद्र असो की बांबोळीचं गोमेकॉ (गोवा मेडिकल कॉलेज), तर घसा कधी दुखला, कधी बरा वाटला, ताप परत कोणत्या दिवशी आला, मानेची कुठली बाजू दुखते, हे स्वतःहून सांगा, घशाचं कोणी विचारलं नाही तरी.

उपचार लांबतात, शिरेतून आणि मग तोंडाने मिळून कित्येक आठवडे अँटिबायोटिक, रक्त पातळ करायचं औषध द्यायचं की नाही यावर डॉक्टरांत अजून एकमत नाही. मधे मधे परत डॉपलर. कधी शीर उघडते, कधी बंदच राहते आणि शेजारच्या बारीक शिरा रुंद होऊन तिचं काम करायला लागतात.