स्कोअरकार्ड नसलेला होमरन

(दृश्य : पिट्सबर्गमधली ॲलेगेनी दफनभूमी. गवताच्या पातळीला बसवलेला एक छोटा दगड.)

१९४७ च्या जानेवारीत या दफनभूमीत एका पस्तीस वर्षांच्या माणसाचं दफन झालं. पुढची अठ्ठावीस वर्षं त्या जागेवर नाव नव्हतं. हा दगड बसला १९७५ साली. नाव, जन्ममृत्यूची वर्षं आणि खाली एवढंच, की हा एक दंतकथा झालेला बेसबॉलपटू होता.

त्याचं नाव जॉश गिब्सन.

२०२४ च्या मे महिन्यात अमेरिकेच्या मेजर लीग बेसबॉलने आपल्या अधिकृत विक्रमांची यादी नव्याने लावली. संपूर्ण कारकिर्दीतल्या बॅटिंग ॲव्हरेजच्या यादीत पहिलं नाव आलं ते गिब्सनचं : ०.३७२. त्याआधी तिथे टाय कॉब होता, ०.३६७ वर. कॉब १९२८ साली शेवटचा खेळला. एवढ्या काळात कित्येक दिग्गज आले नि गेले, पण त्या आकड्याला कोणी धक्का लावला नव्हता. तो लागला मृत्यूला सत्याहत्तर वर्षं झालेल्या माणसाकडून.

आपण क्रिकेटवर वाढलेली माणसं, म्हणून हा आकडा आधी समजून घेऊ. क्रिकेटमध्ये एकूण धावांना किती वेळा बाद झालात त्याने भागतात. बेसबॉलमध्ये विचारतात, किती वेळा खेळायला आलात आणि त्यातल्या किती वेळा हिट मारून, म्हणजे स्वतःच्या फटक्यावर, बेस (धावताना गाठायचा टप्पा) गाठलात. हिट भागिले संधी. पिचरने, म्हणजे चेंडू टाकणाऱ्याने, चार खराब चेंडू टाकून फुकट बेस दिला, तर ती संधी यात धरत नाहीत. दहापैकी तीनदा हिट बसली तर ०.३००, आणि वर्षानुवर्षं तेवढं टिकवणारा बॅटर उत्तम समजतात. म्हणजे उत्तम खेळाडूसुद्धा दहापैकी सात वेळा हात हलवत परततो. अशा खेळात ०.३७२! त्यातही गिब्सन कॅचर होता, आपल्याकडच्या यष्टिरक्षकासारखा. सामनाभर उकिडवं बसायचं, वेगाने येणारे चेंडू हातमोज्यात झेलायचे, बोटं सुजवून घ्यायची आणि मग बॅट हातात घ्यायची.

(दृश्य : बसच्या दारात उभे असलेले खेळाडू, कृष्णधवल छायाचित्र.)

मग तो इतकी वर्षं यादीत का नव्हता? कारण तो कृष्णवर्णीय होता.

मेजर लीगच्या नियमावलीत कृष्णवर्णीयांना घेऊ नये असं कलम नव्हतं. त्याची गरजच नव्हती. संघमालकांची आपसात ठरलेली गोष्ट होती आणि ती सगळे पाळत होते. १९२० साली रूब फॉस्टर या माजी पिचरने कॅन्सस सिटीत इतर संघमालकांना एकत्र बसवलं आणि कृष्णवर्णीयांची स्वतःची लीग उभी केली. पुढे अशा आणखी लीग निघाल्या. त्यांना निग्रो लीग म्हणतात. आज तो शब्द कोणी माणसासाठी वापरत नाही, पण या लीगचं तेच नाव होतं, म्हणून इथे तेच ठेवलं आहे.

गिब्सन १९३० च्या उन्हाळ्यात होमस्टेड ग्रेज संघात आला, अठरा वर्षांचा. त्याच उन्हाळ्यात त्याची पत्नी हेलन जुळ्यांच्या बाळंतपणात गेली. मागे राहिली दोन तान्ही मुलं आणि हातात बॅट. त्यानंतर खेळ आणि प्रवास. लीगचे सामने आठवड्यातून मोजकेच. त्यावर संघ चालायचा नाही, म्हणून मधल्या दिवसांत गावोगाव जायचं आणि तिथल्या कारखान्याच्या नाहीतर गावच्या संघाशी तिकीट लावून खेळायचं. कित्येक हॉटेलांत खोली मिळायची नाही, मग झोप बसमध्येच.

ग्रेज संघ वॉशिंग्टनमध्ये ज्या मैदानावर खेळायचा, ते ग्रिफिथ स्टेडियम गोऱ्या सेनेटर्स संघाचं घर होतं. तेच मैदान, त्याच बेसमधली तीच नव्वद फुटं. १९४३ च्या मोसमात गिब्सनची सरासरी होती ०.४६६. एका मोसमाच्या यादीतही तो आकडा आज सगळ्यात वर आहे. त्याच वर्षी त्याच्या मेंदूत गाठ असल्याचं निघालं. शस्त्रक्रिया त्याने करून घेतली नाही आणि तो खेळत राहिला.

२० जानेवारी १९४७ ला गिब्सन गेला. १५ एप्रिलला जॅकी रॉबिन्सन हा कृष्णवर्णीय खेळाडू ब्रुकलिन डॉजर्स संघाकडून मैदानात उतरला आणि मेजर लीगचं दार उघडलं. मध्ये पंच्याऐंशी दिवस गेले होते. या दोन तारखा शेजारी ठेवल्या की पोटात कालवतं, आणि कितीदा वाचल्या तरी ते कमी होत नाही.

(दृश्य : कूपरस्टाउन, हॉल ऑफ फेमची इमारत.)

१९६६ साली टेड विल्यम्सला हॉल ऑफ फेममध्ये घेतलं. १९४१ मध्ये ०.४०६ च्या सरासरीने खेळलेला, गोरा, अतिशय मानी खेळाडू. सत्काराच्या भाषणात त्याने निग्रो लीगमधला पिचर सॅचेल पेज आणि जॉश गिब्सन यांची नावं घेतली. ही माणसं इथे नाहीत ती केवळ त्यांना संधी दिली नाही म्हणून, असं तो सगळ्यांसमोर बोलला. पुढे १९७१ मध्ये पेज आत आला, १९७२ मध्ये गिब्सन.

पण हॉल ऑफ फेम म्हणजे मान. विक्रमांची वही वेगळी. ती कोणाची, हे १९६९ साली एका समितीने ठरवलं होतं. 'मेजर लीग' कोणत्या, याची यादी तिने केली आणि सहा नावं लिहिली. त्यांत एक युनियन असोसिएशन, १८८४ साली जेमतेम एक मोसम चाललेली. तिच्यातला विल्मिंग्टनचा संघ अठरा सामने खेळला, सोळा हरला आणि बंद पडला. त्या अठरा सामन्यांची प्रत्येक हिट अधिकृत ठरली. निग्रो लीगचा विषय मात्र समितीपुढे चर्चेलाही आला नाही. मला यातली सर्वात जास्त लागणारी गोष्ट हीच वाटते. विचार करून नाकारलं असतं तर निदान कारण तरी द्यावं लागलं असतं.

२०२० च्या डिसेंबरमध्ये मेजर लीगने चूक मान्य केली. १९२० ते १९४८ मधल्या सात निग्रो लीगना मेजर लीगचा दर्जा मिळाला, जवळपास २,३०० खेळाडूंचे आकडे वहीत यायचे होते. पण आकडे आणायचे कुठून?

(दृश्य : मायक्रोफिल्मच्या पडद्यावर सरकणारी जुनी वर्तमानपत्रं.)

इथे ज्यांचं काम उभं राहिलं, त्यांनी ते कोणी सांगण्याआधी कित्येक वर्षं चालवलं होतं. कॅन्सस सिटीच्या निग्रो लीग संग्रहालयाच्या संस्थापकांपैकी एक, लॅरी लेस्टर, आणि त्यांच्यासारखे अनेक अभ्यासक. 'पिट्सबर्ग कुरिअर', 'शिकागो डिफेंडर' ही कृष्णवर्णीयांची साप्ताहिकं त्यांनी पानन् पान चाळली. सामन्याचं स्कोअरकार्ड, ज्याला तिकडे बॉक्स स्कोअर म्हणतात, सापडलं की उतरवून घ्यायचं. कुठे शाई फुटलेली, कुठे फक्त आडनाव, तर कुठे जागा नव्हती म्हणून नुसता निकाल छापलेला.

सापडलेलं कार्ड खरं की खोटं, हे ताडून पाहायची एक सुंदर रीत आहे. खेळायला आलेल्या प्रत्येक बॅटरचं शेवटी तीनपैकी एकच होतं : तो धाव काढून परततो, बाद होतो किंवा डाव संपतो तेव्हा बेसवर अडकलेला असतो. समजा एका संघाच्या ५ धावा झाल्या, २७ बाद झाले आणि ८ जण बेसवर राहिले. मग खेळायला आलेल्यांची बेरीज ४० यायलाच हवी. रकान्यात ३९ आली, तर कोणाची तरी एक खेळी छापताना गळाली आहे. किराणा दुकानाच्या खतावणीसारखंच हे, दोन्ही बाजू जुळल्याशिवाय वही मिटायची नाही.

इतकं करूनही त्या काळातल्या साधारण पंचाहत्तर टक्के नोंदी हाती आल्या आहेत, असा हे आकडे तपासणाऱ्या नव्या समितीचे प्रमुख आणि मेजर लीगचे अधिकृत इतिहासकार जॉन थॉर्न यांचा अंदाज आहे.

यावर आक्षेप आले. निग्रो लीगचे मोसम छोटे, साठ-ऐंशी सामन्यांचे, त्यांची तुलना १५४ सामन्यांशी कशी करायची? प्रश्न रास्त आहे. पण २०२० साली कोविडमुळे मेजर लीगने स्वतःच साठ सामन्यांचा मोसम खेळवला आणि त्याचे विजेते अधिकृत धरले. शिवाय ते मोसम छोटे का होते, याचं उत्तर गिब्सनने द्यायचं नाही. ते त्याला बाहेर ठेवणाऱ्यांनी द्यायचं.

आणि अभ्यासकांनी त्याला कसलीही सवलत दिलेली नाही. हॉल ऑफ फेमच्या पाटीवर गिब्सनचे जवळपास ८०० होमरन (आपल्या षटकारासारखे थेट मैदानाबाहेर मारलेले फटके) लिहिले आहेत. अधिकृत यादीत ते दोनशेही भरत नाहीत, कारण गावोगावच्या प्रदर्शनी सामन्यांतला एकही त्यात धरलेला नाही. होमरनचा विक्रम बॅरी बाँड्सच्या ७६२ वरच आहे. पिचर म्हणून सॅचेल पेजच्या नावावर जमा असलेले विजय मात्र २८ वरून सव्वाशेच्या घरात गेले. मेजर लीगमध्ये त्याला पाऊल ठेवू दिलं तेव्हा तो बेचाळीस वर्षांचा होता.

(दृश्य : बर्मिंगहॅम, अलाबामा. रिकवुड फील्डची लाकडी बाकं.)

हे १९१० साली बांधलेलं मैदान. १९४८ मध्ये इथे बर्मिंगहॅम ब्लॅक बॅरन्स या निग्रो लीगच्या संघाकडून सतरा वर्षांचा एक पोरगा खेळायचा. शाळा सुटली नव्हती अजून. त्याचं नाव विली मेज. पुढे मेजर लीगमध्ये त्याने ६६० होमरन मारले. त्याच्यासारखा परिपूर्ण खेळाडू पुन्हा झाला नाही, असं म्हणणारे आजही पुष्कळ भेटतील.

नव्या यादीत मेजला त्या मोसमाच्या दहा हिट मिळाल्या. एकूण ३,२८३ च्या ३,२९३ झाल्या. १८ जून २०२४ ला, त्र्याण्णवाव्या वर्षी, मेज गेला. दोनच दिवसांनी याच मैदानावर निग्रो लीगच्या सन्मानार्थ मेजर लीगचा सामना झाला.

त्या दहा हिटबरोबर आणखी एक गोष्ट अभ्यासकांना सापडली होती. १९४८ च्या ऑगस्टमधल्या एका सामन्यात या पोराने होमरन मारल्याचा उल्लेख. पण त्या सामन्याचं स्कोअरकार्ड कुठेच मिळालं नाही. किती बॅटर आले, किती बाद झाले, बेसवर कोण राहिलं, काहीच नाही. हिशेब जुळवायचा कशाशी?

विली मेजच्या नावापुढे आकडा राहिला ६६०.

(दृश्य : मायक्रोफिल्मचं चक्र फिरतंय. पडद्यावर ऑगस्ट १९४८.)